मुनीरच्या वाकसाची कैद

मित्रांनो, मला ओळखलंत का? मी एक जुना वाकस, कुऱ्हाडीचा चुलतभाऊ. तिचं पातं उभं, माझं आडवं. ती झाड पाडते आणि मिरवते. लाकूड तासून त्याला आकार देण्याचं नाजूक काम मात्र माझं. थोडा गर्विष्ठ आहे मी, पण ज्याला धार आहे त्याने गर्व करायचा नाही तर कुणी?

रत्नागिरीजवळच्या एका लोहाराने माझं पातं घडवलं. खैराचा दांडा मुनीरने स्वतः बसवला. मुनीर म्हणजे माझा मालक, होड्या बांधणारा सुतार. तो ओमानला सूर गावी कामाला निघाला तेव्हा पेटीत कपड्यांच्या आधी मी गेलो. सूरला समुद्रकाठी मोठमोठी लाकडी गलबतं बांधतात. मी तासलेल्या फळीवरून आमचा अर्बाब, म्हणजे कारखान्याचा ओमानी मालक, तळहात फिरवायचा आणि नुसता हसायचा. तेवढ्या कौतुकावर माझे दिवस मजेत जात होते.

सुतार आपला वाकस दुसऱ्याच्या हाती देत नाही. त्यातून तिथल्या कोरड्या हवेत दांडा आक्रसतो आणि पातं खिळखिळं होतं. म्हणून मुनीर मला ओल्या फडक्यात गुंडाळून सदऱ्याखाली कमरेला खोचायचा आणि जाईल तिथे न्यायचा.

२०१४ सालच्या एका शुक्रवारी तो ओमानमधल्याच दूरच्या खाबुरा गावी निघाला. तिथे त्याचा मित्र रमण भाजीची गाडी चालवायचा आणि त्याच्या खोलीचं दार नीट लागत नव्हतं, ते तासून द्यायचं होतं. वाटेत एका चौकीवर झडती झाली आणि मी बाहेर निघालो. कमरेला लपवलेलं धारदार पातं! शिपायाला मी शस्त्र वाटलो, यात नवल नाही.

पण मुनीरने काय करावं? परदेशात पोट भरणाऱ्या आमच्या माणसांची एक खोड आहे. गणवेश दिसला की चूक असो नसो, आधी हात जोडायचे. "माफ करना साब, गलती हो गया," तो म्हणाला. झालं, गुन्हा कबूल केल्याची नोंद झाली. त्याची रवानगी कोठडीत, माझी फडताळावरच्या पिशवीत.

माझ्यावर गंज चढू लागला. मुनीरला आत ठेवण्याची मुदतही सरली. ती वाढवायची तर वरचा हुकूम लागतो, आणि तो कुणी घेतलाच नव्हता. तरी दार उघडेना. गावाकडे त्याची बायको वजीरा फोन उशाशी घेऊन झोपत होती. मुनीर मात्र येईल त्या शिपायाची माफीच मागत होता.

अर्बाब भला माणूस. तो रमणला म्हणाला, "मी जाऊन माफी मागतो. खलास." रमणला ते पटेना. राजधानीतल्या अल मवालेहच्या भाजीबाजारात ओळख काढून त्याने एक वकीलबाई गाठल्या. त्यांनी न्यायालयात अर्ज केला: या माणसाला कोणत्या हुकमाने डांबलं आहे ते दाखवा, नाहीतर सोडा. मुनीरला त्यांनी एकच गोष्ट बजावली. माफी मागायची नाही. माफी मागितली की बोलणं गुन्ह्यावर जाईल, आणि आपल्याला तर विचारायचं आहे की हे कुलूप कुणाच्या हुकमाने लागलं.

सुनावणीला मलाही नेलं. मी खूश झालो. आता माझी परीक्षा होणार, मी साधं अवजार आहे हे सगळ्यांना कळणार!

न्यायाधीशांनी दुभाष्यामार्फत विचारलं, "तुला काय सांगायचं आहे?"

मुनीरचे हात आपोआप जुळले. मागच्या बाकावर रमणने डोळे मिटून घेतले. मग ते हात हळूहळू खाली आले.

"साब, मैं माफी नहीं मांगता. मेरे को किसके हुकम से अंदर रखा, बस वो बताओ."

पोलिसांच्या बाजूच्या साहेबांनी कागद चाळले, पुन्हा चाळले. हुकूम नव्हताच. न्यायाधीश म्हणाले, खटल्याचं खटल्याच्या वेळी पाहू, आज याला सोडा.

माझ्याविषयी मात्र एक अक्षरही नाही! मला भारी राग आला. फडताळावर परत गेल्यावर विचार केला तेव्हा उमगलं. मी शस्त्र की अवजार, हा प्रश्नच वेगळा होता. मी अगदी शस्त्र असतो, तरी हुकमाशिवाय कुणाला कोंडून ठेवता येत नाही. मुनीर सुटला आणि मी आत राहिलो, पण मला त्या फडताळाचं काही वाटेनासं झालं.

पुढे खटलाही निकाली निघाला, मी अवजारच ठरलो आणि सूरला परतलो. मुनीर मला दगडावर घासत बसला होता. शेजारी फोन चालू होता.

"गावात बोलतात," वजीरा सांगत होती, "अर्बाबनं माफी मागितली म्हणून तुमाला सोडला."

मुनीरचा हात थांबला. "माफी कुणी नाय मागितली, वजीरा," तो म्हणाला. "मी विचारला."

मित्रांनो, मी आता पुन्हा फळ्या तासतो आणि सुखात आहे. तुमच्या घरातल्या अवजारांना तेलपाणी करत जा. चुकून गंज चढलाच तर घासून निघतो. कोंडलेल्या माणसाचे दिवस मात्र कोणत्याही दगडावर घासून परत येत नाहीत. म्हणून कुणाला कोंडलेलं पाहिलंत तर त्याने काय केलं हे नंतर विचारा. कुणाच्या हुकमाने, हे आधी.