ज्येष्ठमधाच्या वासाची काळी गोटी

मी एक काळी गोटी बोलतेय. बटणांच्या डब्यात हात घातलाच आहे, तर क्षणभर ऐका. मी लाकडाची, बोराएवढी. पण खेळातली नव्हे. मला आयुष्यात एकदाच टाकायचं होतं, आणि ते टाकून झालं.

झीलंड या डच प्रांतातल्या आमच्या या बंदरगावात नऊ जणांची एक गुप्त सभा होती. न्यायाधीश, महापौर, वर्तमानपत्राचा मालक, समुद्राच्या बांधाचा ठेकेदार, असे सगळे बडे. गावात कुणाला वर चढवायचं नि कुणाला तोंडघशी पाडायचं, हे रविवारी चर्च सुटल्यावर कॉफी पिता पिता ठरे. प्रत्येकाला प्रवेशाच्या दिवशी माझ्यासारखी एक गोटी मिळे. झाकलेल्या पेटीत एक काळी गोटी पडली की ठराव कायमचा बाद. मात्र ती जन्मात एकदाच टाकायची, नि टाकल्याचं कुणाला सांगायचं नाही. टाकणाऱ्यानं तोंड उघडलं की त्याचं मत रद्द आणि ठराव पुन्हा जिवंत.

मी डॉक्टर लीव्हन विस्से यांच्या वाट्याला आले. ते एकटेच राहत. त्यांच्या कोटाच्या उजव्या खिशात माझ्यासोबत ज्येष्ठमधाच्या खारट काळ्या गोळ्या असत. दोनदा त्यांनी मलाच तोंडात टाकलं आणि स्वतःशीच हसले. बावीस वर्षं मी त्या खिशात सुखात होते.

मग यिके होकमाचा विषय निघाला. ती बांध तपासणारी तरुण इंजिनिअर. ठेकेदारानं बांधात सिमेंटऐवजी वाळू भरली, असा अहवाल ती लिहीत होती. सभेनं ठरवलं, पोरीला वेडी ठरवून इस्पितळात कोंडायचं. दाखल्यावर सही करायची होती डॉक्टरांनी; त्यांनी नाही केली, तर दुसरा डॉक्टर आणता येत होता.

पेटी फिरली. डॉक्टरांचा हात खिशात आला. त्यांनी मला घट्ट धरलं आणि पेटीत सोडलं.

न्यायाधीश बोखार्टनी पेटी उघडली. मला उचललं, नाकाशी नेलं.

"गोटी कुणाची, हे विचारायचं नाही, असा नियम आहे," ते म्हणाले. "मी कुठं विचारतोय? ज्याला खोकला असेल त्यानं गोळ्या दुसऱ्या खिशात ठेवाव्यात, एवढंच म्हणतो."

कुणी हसलं नाही. दुसऱ्या दिवशी मी एका कोऱ्या पाकिटातून डॉक्टरांच्या दारात पडले.

त्यांनी डॉक्टरांच्या केसालाही धक्का लावला नाही. नुसती कुजबुज सोडून दिली, की यिकेला वेडी ठरवायचा घाट या डॉक्टरनंच घातला होता. डॉक्टर चिडून खरं बोलतील, म्हणजे मत रद्द होईल, असा तो डाव होता.

यिके दारात आली. "माझी नाडीसुद्धा न बघता मला वेडी ठरवणार होतात! लाज नाही वाटली?"

खिशात डॉक्टरांनी मला इतकं आवळलं की त्यांचं नख माझ्यात रुतलं. ती खूण अजून आहे, बघा.

"तुम्हाला खोकला झालाय," ते म्हणाले. "ओलीत फिरू नका."

"तुमचं औषध तुम्हालाच लखलाभ!" म्हणून ती निघून गेली.

पेशंट यायचे थांबले. रस्त्यात कुणी टोपी उचलीना. घरकाम करणारी कॉबा तेवढी राहिली. ती म्हणायची, "अहो डॉक्टर, ती बया बाजारात तुमच्या नावानं खडे फोडतेय. एकदा सांगून टाका ना, मी तसा नाही म्हणून!"

"कॉबा, कॉफी टाक," डॉक्टर म्हणायचे.

यिकेचा अहवाल निघाला, बांध नवा झाला. पण बाकीचे आठ अजून होते, डॉक्टर एक शब्द बोलले असते तरी ठराव पुन्हा उठला असता. ती रोज सायकलवरून खिडकीखालून जाई. डॉक्टर पडद्याआडून बघत आणि मला बोटांत फिरवत. अशी एकोणीस वर्षं गेली. त्यांच्या अंत्यविधीला पाद्री आणि कॉबा, दोघंच होते. मला फार वाईट वाटलं.

घरातलं सामान विकलं गेलं, आणि मी या जुन्या बाजारातल्या बटणांत येऊन पडले. गेल्या हिवाळ्यात नवांतला शेवटचा, बोखार्ट, वारला. त्याच्या कागदांतून सभेची, गोट्यांची, यिकेची सगळी हकिकत बाहेर आली. काळी गोटी कुणी टाकली नि ती कुजबुज कुणी सोडली, ते मात्र त्यात नव्हतं.

गेल्या शनिवारी यिके इथं आली होती. केस पांढरे झालेत. कोटाची बटणं शोधता शोधता दुकानदारणीला सांगत होती, "त्या नवांत एक माणूस निघाला गं. नाव कळलं असतं तर त्याच्या थडग्यावर रोज फुलं ठेवली असती."

ती हे बोलत होती तेव्हा मी तिच्या बोटांत होते.

तिनं मला नाकाशी नेलं. "शी! ज्येष्ठमध! त्या मेल्या डॉक्टरच्या खिशाला असाच वास यायचा." मला डब्यात टाकून तिनं बोटं कोटाला पुसली आणि दोन तपकिरी बटणं घेऊन गेली.

आता ठराव जिवंत करणारं कुणी उरलं नाही. आता बोललं तर चालतं. पण मला तुमच्याखेरीज कोण ऐकणार? बांधालगत हिरव्या दाराचं घर आहे तिचं. मला तिच्या टेबलावर ठेवा आणि म्हणा, "बाई, पुन्हा एकदा वास घ्या. सभेची काळी गोटी आहे ही." पण लवकर जा. माझा वास रोज थोडा थोडा उडतोय.