नावाड्याचा निरोप

"या धक्क्यावर मी..." एवढं बोलून इन्नोकेंती साव्विच पुन्हा अडले. कॅमेरा चालू होता, मागे व्होल्गा वाहत होती आणि म्हातारा नट समोरच्या मुलीकडे असा बघत होता, जणू पुढचं वाक्य तीच सांगणार आहे. दिग्दर्शक ग्लेबनं हळूच 'कट' म्हटलं. सकाळपासून हेच चाललं होतं.

मेकअप माझ्याकडे होता. मी पुढे होऊन त्यांचं कपाळ टिपलं. गोठवणाऱ्या थंडीत त्यांना घाम फुटला होता.

ग्लेब तडक रिम्मा गेन्नादियेव्नाकडे गेला. पटकथा तिची आणि निर्मातीही तीच. मॉस्कोहून दुसरा नट बोलवू या, तो म्हणाला. नदी आता कधीही गोठेल, मग कसली होडी आणि कसला चित्रपट.

तिला मी जुन्या स्टुडिओपासून ओळखत होते. तेव्हा ती नुसती लिहायची. सरकारी समिती तिची पानं कापायची, उरलेलं दिग्दर्शक कापायचा. एकदा तिनं लिहिलेली विधवा पडद्यावर शेवटी ट्रॅक्टरवर बसून गाणं म्हणत निघाली. रिम्मा थिएटरातून उठली ती थेट माझ्या स्वयंपाकघरात येऊन रडली. पुढे देश बदलला, स्टुडिओत चित्रपटांऐवजी सोफासेट विकले जाऊ लागले. तिच्या बरोबरीच्यांनी लिहिणं सोडलं. रिम्मा मात्र दारोदार हिंडून निर्माती झाली. लोक म्हणत, बाईला पैशाची चटक लागली. खरं कारण वेगळंच होतं. आपल्या वाक्याला कुणाचा हात लागू नये, एवढंच तिला हवं होतं. एका स्वल्पविरामावरून ती ग्लेबशी दिवसभर भांडली होती.

या भाषणात तर तिचा जीव अडकला होता. शहराकडे निघालेल्या लेकीला नावाडी बाप निरोप देतो. तिचे वडीलही नावाडीच होते, हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होतं.

इन्नोकेंती साव्विच आपणहून तिच्याकडे आले.

"रिम्मोच्का, मला घरी धाड. एके काळी आख्खी नाटकं तोंडपाठ होती. आता डोक्याची चाळण झालीय."

"काहीच आठवत नाही?"

"काय करायचं ते आठवतं गं. काय बोलायचं तेवढंच जातं."

"आणि करायचं काय आहे?"

"पोर चाललीय, थंडी आहे. तिच्या कोटाचं वरचं बटण लावायचं. बस."

रिम्मा तिथल्या पालथ्या होडीवर मटकन बसली. मग तिनं ग्लेबला बोलावून सांगितलं, "भाषण काढून टाक. एक शब्दही नको."

ग्लेबला वाटलं, ती वैतागून बोलतेय. "अहो, सगळा चित्रपट त्या भाषणावर उभा आहे. तुम्हीच म्हणत होतात."

"माझे बाबा धक्क्यावर अवाक्षर बोलले नव्हते," ती म्हणाली. "बटण लावलं आणि मागे फिरले. इतकी वर्षं त्यांच्या तोंडी शब्द मीच घालतेय."

कॅमेरा सुरू झाला. म्हातारा मुलीच्या कोटाचं वरचं बटण लावू लागला. बटण काजातून निसटलं, पुन्हा निसटलं. ग्लेब थांबवणार तोच रिम्मानं त्याचं मनगट धरलं. अखेर ते लागलं. म्हाताऱ्यानं त्यावर हलकेच थोपटलं आणि पाठ फिरवून तो होडीकडे चालू लागला. मुलगी रडत होती. ते पटकथेत नव्हतं.

म्हातारा होडीपाशी पोचेपर्यंत ग्लेबनं 'कट' म्हटलं नाही.

आता रिम्माला सावरावं लागणार, या हिशेबानं मी तिच्याकडे धावले. ती कोबी भरलेला पाव मोठमोठे घास घेऊन खात होती.

"ताया, दुसऱ्यांनी कापलं की घास उतरायचा नाही," ती म्हणाली. "आज मीच कापलं, तर कशी भूक लागलीय बघ." आणि किती दिवसांनी ती मोकळेपणी हसली.

सामान आवरेपर्यंत ऊन कललं. गाडीच्या उबेत, मागच्या सीटवर इन्नोकेंती साव्विच तोंड उघडं टाकून गाढ झोपले होते. ड्रायव्हर गिअर टाकायला गेला, तर रिम्मानं काचेबाहेरूनच त्याला नको म्हणून खुणावलं. रस्ता खड्ड्यांचा होता, म्हाताऱ्याची झोप मोडली असती. गळ्याभोवती रुमाल गुंडाळून ती नदीकाठानं हॉटेलकडे पायीच निघाली. आम्ही सगळे तिच्यामागून चालू लागलो.