डावऱ्याच्या उजव्या हातातला मोजा

मित्रांनो, मी एक जुना चामडी हातमोजा आहे. जुना म्हणजे निकामी असं समजून माझी कीव करायला आला असाल, तर आल्या पावली परत जा. माझी एक दोरी तुटली आहे, अंगठ्याजवळचं कातडं काळं पडलं आहे आणि मला घामाचा वास येतो. हा वास मी कष्टाने कमावलेला आहे, त्याची मला लाज वाटत नाही.

माझा जन्म क्युबातल्या सान फेर्मीन नावाच्या साखर कारखान्याच्या वस्तीत झाला. तिथे एवेलियो नावाचे खोगिरं शिवणारे कारागीर राहत. त्यांचा भाचा अर्हेलियो कारखान्यात उसाच्या गाड्या रिकाम्या करायचा आणि रविवारी कारखान्याच्या संघातून बेसबॉल खेळायचा. तो पिचर होता, म्हणजे मैदानाच्या मध्ये मातीच्या उंचवट्यावर उभा राहून बॅटवाल्याकडे चेंडू फेकणारा. फेकायचा डाव्या हाताने, म्हणून सगळी वस्ती त्याला डावऱ्या म्हणायची. आता डाव्या हाताने फेकणाऱ्याला मोजा उजव्या हातात लागतो, आणि तसा मोजा आमच्या पंचक्रोशीत कुणाकडेच नव्हता. बिचारा दुसऱ्यांचा मोजा उलटा घालून खेळायचा आणि अंगठा सुजवून घरी यायचा. शेवटी मामांनी मोडीत निघालेल्या एका खोगिराचं कातडं काढलं, उलट्या मापाने कापलं आणि मला शिवलं.

"याने घोडा सोसलाय," मामा भाच्याला म्हणाले, "तुलाही सोसेल."

शेजारच्या ला क्लारिता कारखान्याच्या संघातही एक डावरा पिचर होता, तोरिबियो. त्याच्याकडेही मोजा नव्हता. त्यामुळे आमच्याकडे रीतच पडून गेली. डाव बदलला की अर्हेलियो मला उंचवट्यावर ठेवून जायचा, तोरिबियो यायचा, मला हातात घालायचा आणि आमच्याच माणसांना बाद करायचा. दोघे एकमेकांना तोंडाला येईल ते बोलायचे, पण मला पुसून ठेवायला कधी विसरले नाहीत. मी दोन्हीकडून खेळायचो आणि दर रविवारी जिंकायचो.

पुढे अर्हेलियोची निवड प्रांताच्या संघात झाली. मोठं मैदान, दिवे, खचाखच भरलेल्या पायऱ्या, खारे शेंगदाणे विकणारे. पहिल्याच सामन्यात डाव संपला आणि याने सवयीने मला उंचवट्यावर ठेवलं आणि निघून आला. समोरच्या संघाचा पिचर आला. त्याने मला मेलेला उंदीर उचलावा तसं दोन बोटांनी उचललं आणि मैदानाबाहेर भिरकावलं. लोक पोट धरून हसले. वरच्या रांगेतून कुणीतरी ओरडलं, "ए डावऱ्या, चपलाही ठेवून जा, त्यांना घरी जायला लागतील."

मला वाटलं, आता हा शरमेने मला पिशवीत कोंबणार. पण पुढचा डाव संपल्यावर याने मला पुन्हा तिथेच ठेवलं, मुद्दाम, आणि हसणाऱ्यांकडे बघत सावकाश चालत आला. तो हंगाम संपेपर्यंत त्याने ते सोडलं नाही. कुणी हसायचं, कुणी भिरकावायचं. मग दुसऱ्या संघातल्या एका डावऱ्याच्या मोज्याची शिवण भर सामन्यात उसवली आणि त्याने मला गुपचूप हातात घातलं. त्या दिवसापासून हसणारे जरा कमी झाले.

मित्रांनो, पिचरच्या मोज्याचं खरं काम लोकांना ठाऊक नसतं. चेंडू झेलणं हे तर कुणीही करेल. फेकण्याआधी पिचर चेंडू धरलेला हात मोज्यात लपवतो. आत बोटं चेंडूच्या शिवणीवर कुठे बसली, त्यावरून चेंडू सरळ जाणार की ऐन वेळी खाली बुडणार, हे ठरतं. बॅटवाल्याला ते दिसता कामा नये. ते फक्त मला कळायचं. भलेभले बॅटवाले डोळे फाडून आमच्याकडे बघायचे आणि मी तोंड मिटून बसायचो. संघाने त्याला परदेशी कोरा मोजा देऊ केला होता. तो त्याने दुसऱ्याला देऊन टाकला. आमच्या जोरावर प्रांत दोनदा अजिंक्य ठरला, रेडिओवर त्याचं नाव घुमलं आणि वस्तीत कॉफीचे पैसे त्याला कुणी देऊ देईना.

मग एके दिवशी प्रशिक्षक पेद्रोसो यांनी त्याला बोलावलं. वरून ठरलं होतं, चाळिशीकडे झुकलेल्यांनी तरुणांना जागा करून द्यायची. अर्हेलियोने विचारलं, माझ्यापेक्षा चांगला फेकणारा सापडला का? पेद्रोसो म्हणाले, प्रश्न तो नाही. सन्मानाने निरोप देऊ, मैदानात समारंभ करू. शेवटचा चेंडू फेक, मोजा उंचवट्यावर ठेव आणि टाळ्या घेत बाहेर ये. मोजा आपण मैदानाच्या दालनात काचेच्या कपाटात ठेवू, तुझ्या निवृत्तीच्या सालासकट.

समारंभाच्या दिवशी बँड होता, फुलं होती, भेट म्हणून एक टेबलावरचा पंखाही होता. अर्हेलियोने शेवटचा चेंडू फेकला. सगळे वाट बघत राहिले. त्याने मला काही खाली ठेवलं नाही. तो ध्वनिक्षेपकापाशी गेला आणि म्हणाला, "मी निवृत्त झालेलो नाही. मला केलंय. माझा हात सांगेल त्या दिवशी मी थांबेन, आणि ते मी तुम्हाला विचारून ठरवणार नाही." एवढं बोलून मला हातात घालूनच तो बाहेर पडला. मला तर अभिमानाने माझ्या दोऱ्या ताठ झाल्यासारख्या वाटल्या.

घरी त्याची बायको मिग्दालिया काळ्या घेवड्याचा भात वाढून बसली होती. तिने सगळं रेडिओवर ऐकलं होतं.

"स्वाभिमान दाखवलास, छान केलंस," ती म्हणाली. "पंखा तरी आणायचास. या उकाड्यात स्वाभिमानाने वारा घालू का तुला?"

तो हसला, पण पुढचे दिवस हसण्याचे नव्हते. त्याला प्रशिक्षकाचं काम मिळालं नाही. रेडिओवर जुन्या विजयांच्या आठवणी निघत, त्यात त्याचं नाव मात्र नसे. दरम्यान आमचा कारखानाही बंद पडला. यंत्रं गेली, धुराडं उरलं. तो बैलगाडीतून रताळी आणि केळी वाहू लागला. रविवार मात्र त्याने सोडला नाही. गवत माजलेल्या मैदानावर आम्ही खेळत होतो. बागेतल्या बाकावर दिवसभर बेसबॉलवर भांडणारी रिकामटेकडी मंडळी म्हणायची, "डावऱ्या, आता नातवंडं खेळव." तो म्हणायचा, "आधी माझ्यासमोर बॅट घेऊन उभे तर राहा." कुणी राहायचं नाही.

अशी कित्येक वर्षं गेली. मग ला क्लारिताविरुद्धचा तो सामना आला. आम्ही जिंकत होतो. समोर एक दांडगा गडी होता, दोनदा हुकलेला. अर्हेलियोने हात माझ्या आत घातला आणि बोटं शिवण शोधू लागली. त्यांना ती सापडेना. मधलं बोट थरथरत होतं, शिवणीवरून घसरत होतं. मी ते कुणाला कळू दिलं नाही. कसाबसा चेंडू सुटला, दांडग्याने बॅट फिरवली आणि तो तिसऱ्यांदा हुकला, म्हणजे बाद झाला. लोक डावऱ्याच्या नावाने ओरडायला लागले.

आणि अर्हेलियो चेंडू घेऊन सरळ संघाच्या कप्तानाकडे चालत गेला आणि चेंडू त्याच्या हातात ठेवला.

"वेडा झालास का? जिंकतोयस तू."

"म्हणून तर," अर्हेलियो म्हणाला. "हरताना थांबलो असतो तर तुम्ही म्हणाला असतात, आम्हीच याला काढला."

खरं सांगतो, मला त्याचा भयंकर राग आला. मी सगळं झाकून ठेवलं होतं, अजून वर्षभर झाकलं असतं. पण तो कडेला जाऊन बसला, मला मांडीवर ठेवलं, ते बोट दुसऱ्या हाताने चोळलं आणि मनापासून हसला. इतक्या वर्षांत मी त्याला इतकं मोकळं हसताना पाहिलं नव्हतं. तेव्हा कळलं, तो हरला नव्हता. त्याने शब्द पाळला होता. माझा राग ओसरला आणि मला रडू आलं.

ही बातमी प्रांतात पोचलीच. एका रविवारी मैदानाच्या दालनाचे अधिकारी गाडी घेऊन आले. आता तरी मोजा द्या म्हणाले, कपाटातली जागा अजून राखून ठेवली आहे. अर्हेलियो झाडाखाली उसाचा रस पीत बसला होता. त्याने उंचवट्याकडे बोट दाखवलं. तिथे दवाखान्यातली नर्स येनिसेई उभी होती, डावरी, नुकतीच वस्तीत आलेली, आणि मी तिच्या हातात होतो.

"थांबलोय मी," अर्हेलियो म्हणाला. "तो कुठे थांबलाय?"

अधिकारी डाव संपेपर्यंत ताटकळले आणि रिकाम्या हाताने गेले.

मित्रांनो, माझी विनंती एवढीच आहे. मला तेल लावा, तुटलेली दोरी बदला, पावसात टाकून जाऊ नका. पण जपायचं म्हणून काचेत कोंडू नका. आणि कुणाच्या हातातलं काम काढून घ्यायची वेळ तुमच्यावर आली, तर सत्काराचा हार आणण्याआधी त्या हाताला विचारा. आता मला जाऊ द्या. येनिसेईने हात आत घातला आहे आणि तिची बोटं कुठे बसली आहेत, ते मी तुम्हालाही सांगणार नाही.