केकचा पंचनामा

माझे सासरे भेसळ निरीक्षक होते. पस्तीस वर्षं त्यांनी लोकांच्या डाळींवर, तेलांवर आणि दुधावर संशय घेतला आणि त्याबद्दल त्यांना दर महिन्याला पगार मिळाला. निवृत्तीनंतर पगार थांबला, संशय चालू राहिला. घरात हळद आली की आधी ती ग्लासभर पाण्यात जायची, मग डब्यात. कुणी मध भेट आणला तर पाहुण्यांच्या देखत त्यात कापसाची वात बुडवून ती पेटते का ते बघायचे. आमच्याकडे फारसे पाहुणे येत नाहीत.

अशा माणसाला मी चार महिने, रोज, केकमधून पालक खाऊ घातला.

हौस म्हणून नाही. नोकरीच्या पहिल्याच आठवड्यात बाबांनी, म्हणजे सासऱ्यांनी, मंडईच्या मागे पालकाच्या जुड्या हिरव्या रंगाच्या बादलीत बुचकळताना पाहिल्या होत्या. तेव्हापासून ताटात हिरवं पान दिसलं की ताट बाजूला. सासूबाईंनी जन्मभर प्रयत्न केले आणि त्या हरून गेल्या. दोन वर्षांपूर्वी बाबांच्या हृदयात धातूची झडप बसवली, आणि त्यानंतर त्यांचं पोट रुसलं. पोट साफ झालं की नाही हा विषय आमच्याकडे सकाळच्या बातम्यांच्या आधी यायचा. मी म्हणायचे, बाबा, थोडी पालेभाजी खा. ते म्हणायचे, सूनबाई, तू बेकरीतली आहेस, पावापुरतं बोल.

मी खरंच बेकरीतली आहे. सतरा वर्षं भट्टीसमोर उभी आहे. तेव्हा म्हटलं, ठीक आहे, पावापुरतं बोलते.

केक आमच्याकडे आधीपासून व्हायचा, आणि तो आधीपासूनच बिचारा होता. माझी मुलगी चौदा वर्षांची झाली त्या दिवशी तिने जाहीर केलं की यापुढे प्राण्यांकडून काही घेणार नाही. झालं, अंडी गेली, लोणी गेलं, दूध गेलं. बाबांनी पहिला तसला केक हातात घेऊन खालून-वरून पाहिला आणि विचारलं, "अंडं नाही, लोणी नाही, दूध नाही. मग हा केक आहे हे कशावरून?" पोरगी म्हणाली, "आजोबा, हा हेल्दी आहे." बाबा म्हणाले, "ते चवीवरून कळलं." पण खायचे. चार वाजताच्या चहाबरोबर दोन तुकडे, नियमाने.

त्यात पालक घालणं हे माझ्यासाठी डाव्या हातचं काम होतं. चारशे ग्रॅम पानं उकळत्या पाण्यात एक मिनिट, लगेच गार पाण्यात, मग मूठभर होईपर्यंत घट्ट पिळायची. पिकलेली केळी, खजूर आणि ओटचं दूध घालून इतकं वाटायचं की बोटाला कण लागता कामा नये. गव्हाचं पीठ, तेल, खायचा सोडा, वरून चमचाभर व्हिनेगर म्हणजे अंड्याशिवाय फुगतं. आणि कोको भरपूर. कोकोच्या आड हत्तीसुद्धा लपेल. एकदा पालक मिळाला नाही म्हणून मी मेथी घातली. केक कडू झाला. बाबांनी पहिला घास घोळवला आणि म्हणाले, "आज कोको चांगल्या प्रतीचा आहे."

तिसऱ्या आठवड्यात सकाळचा तो विषय बातम्यांच्या नंतर गेला, पाचव्या आठवड्यात बंदच झाला. मी मनातल्या मनात स्वतःची पाठ थोपटली. चोरी पचली की माणसाला ती कर्तबगारी वाटायला लागते.

आता ती गोळी. धातूची झडप असली की रक्त पातळ ठेवावं लागतं. त्याची रोज एक गोळी, आणि दर महिन्याला रक्त तपासून एक आकडा. आकडा ठरलेल्या रेघेच्या खाली गेला तर झडपेवर गाठ होते आणि ती थेट मेंदूत जाऊ शकते. एवढंच मला माहीत होतं. बाकी काही माहीत नव्हतं, कारण ऑपरेशननंतर बाबा दवाखान्यात एकटेच जायचे आणि कागद कपाटात कुलूपबंद ठेवायचे. "माझं रक्त हा माझा आणि डॉक्टरीणबाईंचा विषय आहे," असं त्यांचं म्हणणं. माझे यजमान बोटीवर, वर्षातले आठ महिने पाण्यात. त्यांना तर वडिलांना कोणती झडप बसवली हेही मीच सांगितलं होतं.

त्या हिवाळ्यात आकडा घसरला, हे मला मागाहून कळलं. गोळी वाढवली. पुढच्या महिन्यात पुन्हा घसरला, पुन्हा वाढवली. तिसऱ्यांदा घसरला तेव्हा बाबा घरी आले, चपला काढल्या आणि म्हणाले, "औषधात भेसळ आहे."

मला हायसं वाटलं म्हणजे बघा. कित्येक महिन्यांनी माणूस खुशीत दिसत होता.

दुसऱ्या दिवशी मी बेकरीतून साडेतीनला आले, तर जेवणाच्या टेबलावर कचेरी भरलेली. मेणबत्ती, दोरा, जाड पाकिटं आणि जुन्या नोकरीतली लाखेची कांडी. गोळ्यांचे तीन सारखे वाटे केलेले. एक प्रयोगशाळेला, एक कचेरीला, एक स्वतःजवळ, ही त्यांची पस्तीस वर्षांची पद्धत. कोपऱ्यावरचा मेडिकलवाला तिकडे सुखाने दुकानात बसला होता. त्याला कल्पना नव्हती की इकडे त्याचा परवाना मेणबत्तीवर धरलाय.

"बरी आलीस," बाबा म्हणाले. "पंच हवा होता."

"दोन लागतात ना?"

"दुसरी सही चिमणी शाळेतून आली की करेल."

"ती चौदा वर्षांची आहे, बाबा."

"वाचता येतं ना? सही कर."

मी न वाचता सही करत नाही, हे त्यांनीच मला शिकवलंय. मी चहा आणि केकचे दोन तुकडे त्यांच्यापुढे ठेवले आणि अर्ज वाचायला घेतला. गोळ्यांमध्ये औषध नसल्याचा दाट संशय. गोळी रोज वेळेवर घेतली. अन्य औषध: निरंक. आहारात बदल: निरंक. पालेभाजी: निरंक.

"इथे पालेभाजीचा काय संबंध?" मी विचारलं.

बाबांना कुणी विषयातलं विचारलं की आवडतं. चष्मा वर करून त्यांनी समजावलं. पालेभाजी या गोळीच्या विरुद्ध काम करते. गोळी रक्त पातळ करते, पालक ते पुन्हा गोठायला लावतो. पहिल्याच दिवशी डॉक्टरीणबाईंनी बजावलं होतं, पालेभाजी एकदम वाढवू नका. "मी त्यांना सांगितलं, बाई, त्या बाबतीत माझ्यासारखा निर्मळ पेशंट तुम्हाला मिळायचा नाही."

मी खुर्ची ओढून बसले. चार महिने मी या माणसाच्या झडपेवर गाठ विणत बसले होते आणि वर पाठ थोपटून घेत होते.

खरं सांगते, एक क्षण मनात आलं की गप्प बसावं. आजपासून पालक बंद करायचा, आकडा आपोआप चढेल, कुणाला कळणार नाही. मग लक्षात आलं की गोळी तर वाढवून ठेवलीय, आणि उद्या आणखी वाढणार. पालक गेला आणि गोळी राहिली तर रक्ताचं पाणी होईल. इकडे आड, तिकडे विहीर.

"बाबा, केकमध्ये पालक आहे."

त्यांनी ताटलीकडे पाहिलं. "या?"

"हो."

"कालच्या?"

"त्यातही." तारीख आठवत नव्हती. मी म्हटलं, "चार महिने झाले."

त्यांच्या हातातली कांडी मेणबत्तीवर तशीच राहिली. लाखेचे दोन थेंब अर्जावर पडले. मी ओरडा खायला तयार होते. ओरडले असते तर बरं झालं असतं.

"मला कळलं नाही," ते म्हणाले. थोड्या वेळाने पुन्हा म्हणाले, "रोज दोन तुकडे. आणि मला कळलं नाही."

मला शरमेनं मेल्याहून मेल्यासारखं झालं. पण रडायला वेळ नव्हता, मी दवाखान्यात फोन लावला. डॉक्टरीणबाईंनी विचारलं, कोण बोलतंय. सून, म्हटलं. त्या म्हणाल्या, यांना सून आहे हे कुठे लिहिलेलं नाही. मग मी सगळं सांगितलं. त्यांनी थेट आकडा विचारला.

"तुकड्याला किती पालक?"

"पन्नास ग्रॅम."

"म्हणजे दिवसाला शंभर. हे बघा, गोळी आता त्या केकवर बेतलेली आहे. आज एकदम बंद करू नका. आज केकही नेहमीएवढा, गोळीही नेहमीएवढी. उद्या सकाळी त्यांना घेऊन या, आपण हिशेब बसवू. पुढे पालक खायचा तर रोज सारखा खायचा. आणि सांगून द्यायचा."

हे सगळं मी बाबांना शब्दाला शब्द सांगितलं. त्यांनी ताटली बोटाने माझ्याकडे सरकवली.

"भेसळयुक्त पदार्थ मी खात नाही."

"बाबा, डॉक्टर सांगतायत."

"घटक माहीत नसलेला पदार्थ मी खात नाही."

"आता सांगितला की घटक."

"तोंडी."

मी कपाळाला हात लावला. रक्त पातळ होऊन माणूस जायचा, आणि याला लेखी हवंय. "मग घ्या लिहून," मी म्हटलं, आणि माझा आवाज चढला तो चढलाच. "घ्या जबाब. घ्या."

त्यांनी खरंच कोरा कागद ओढला. वर माझं नाव, नातं, व्यवसाय लिहिला. पालक कुठून आणला. किती. कसा धुतला. किती पाण्यांनी, तेही. वाटण गाळून घेतलं की नाही. मेथी किती वेळा. मी उत्तरं देत गेले, ते लिहीत गेले. त्यांचं अक्षर छापल्यासारखं.

"उद्देश?" त्यांनी विचारलं.

"काय?"

"उद्देश लिहावा लागतो. नफा, खर्चात बचत, अपाय करणे. काय लिहू?"

तेव्हा माझं डोकं फिरलं. "उद्देश काय असणार, बाबा? तुम्ही जगावं हा उद्देश. सासूबाई गेल्या, तुमचा मुलगा पाण्यावर. मी दमून घरी आले हे या घरात दुसऱ्या कुणाला कळतं? ऑपरेशनच्या दिवशी मी त्या बाकावर सहा तास बसले होते. मला माझा बाप आठवत नाही. तुम्ही गेलात तर मी कुणाला बाबा म्हणू? मला तुम्ही हवे आहात. म्हणून घातला पालक. चुकले, पण म्हणून घातला."

"हळू बोल," ते म्हणाले. "लिहायला वेळ लागतो."

ते बराच वेळ लिहीत होते. मग कागद सरळ केला.

"जबाब वाचून दाखवायचा नियम आहे," म्हणाले, आणि वाचायला लागले. पालक चारशे ग्रॅम, तीन पाण्यांनी धुतला, हे सगळं खणखणीत आवाजात. "उद्देश," म्हणाले आणि थांबले. पुन्हा म्हणाले, "उद्देश." मग चष्मा काढून पुसला आणि कागद माझ्यासमोर धरला.

"माझंच अक्षर मला लागेना. तू वाच."

मी वाचलं. एक शब्दही इकडचा तिकडे केला नव्हता.

"बरोबर आहे?"

"बरोबर आहे."

"सही कर."

मी सही केली. शेजारी त्यांनी केली, खाली तारीख घातली. मग ताटली परत ओढून घेतली आणि दोन्ही तुकडे खाल्ले. पहिल्या घासाला डोळे मिटून घेतले होते, पण चावायचे थांबले नाहीत.