हाक माझी, मान चिठ्ठीचा

मी कॉम्प्युटरच्या पोटात राहणारा सात फाइलींचा संच बोलतोय. माझ्यासारख्यांना लायब्ररी म्हणतात, पण माझ्याकडे पुस्तक एकही नाही. मला एकच काम येतं, हाक मारणं. कुठल्याही प्रोग्रामनं सांगितलं, की मी नेटवर्कवर विचारतो, "छापून देणारं कुणी आहे का इथे?" प्रिंटर ओ देतो, आपला नंबर सांगतो आणि मी तो नंबर मागणाऱ्याला नेऊन देतो. छपाई होते, वाहवा प्रिंटरची होते. आता लपवून काय करू, मी पहिल्यापासून जळका आहे.

मला एका बाईनं घडवलं. खुर्चीवर मांडी घालून बसायची आणि काही अडलं की पेन्सिल केसांत खुपसायची. माझी शेवटची चाचणी झाली, कोपऱ्यातल्या प्रिंटरनं ओ दिली, तशी ती आनंदानं उठली आणि त्या प्रिंटरला थोपटून आली. प्रिंटरला! घसा मी कोरडा केला होता.

पुढे मी मोठमोठे नकाशे छापणाऱ्या एका दुकानात आलो. मालकांना सगळे अण्णा म्हणत. तिथला प्रिंटर पलंगाएवढा लांब. अण्णांची सूनबाई त्याला रोज मऊ फडक्यानं पुसायची, त्याच्यासाठी तिनं चांगला अभ्राही शिवला होता. मला कोण अभ्रा शिवणार? तरी रोज सकाळी मी हाक मारत होतो, तो ओ देत होता, बरं चाललं होतं.

मग जावईबापू आले. कामाचा रगाडा उपसायची सूनबाई, पण अण्णांच्या तोंडी कौतुक जावईबापूंचं. "रोज रोज काय शोधायचं? नंबर कायमचाच भरून टाकतो," म्हणत त्यांनी प्रिंटरचा नंबर हातानं कॉम्प्युटरमध्ये भरला. वर तो एका पिवळ्या चिठ्ठीवर लिहून भिंतीवर चिकटवला.

"डोकं आहे हो तुम्हाला!" अण्णा म्हणाले.

झालं, माझी सुट्टीच झाली. आणि त्या चिठ्ठीचा काय थाट! दुकान रंगवलं, तर रंगाऱ्यानं तिला धक्का न लावता भोवतीनं ब्रश फिरवला. एक कोपरा सुटला, तर अण्णांनी स्वतः चिकटपट्टी लावली. बोटभर कागद तो, त्याला ना हाक मारता येत ना ओ देता येत. मी अंधारात पडून चरफडत होतो.

एके दिवशी अण्णा डोळ्याच्या ऑपरेशनला निघाले, सोबत जावईबापू. जाताना अण्णा सूनबाईला म्हणाले, "मिस्त्रींच्या जिन्याचा नकाशा दोनच्या आत गेला पाहिजे. एवढं निभावलंस तर दुकानाची किल्ली तुझ्याकडे. नाहीतर जावईबापूंनाच कायमचं बोलावून घेतो."

त्याच सकाळी राउटर जळाला. कंपनीचा माणूस येऊन नवा बसवून गेला. नव्या राउटरनं सगळ्यांना नवे नंबर वाटले. प्रिंटरचाही नंबर बदलला, चिठ्ठीवरचा मात्र तोच राहिला.

"प्रिंटर सापडत नाही," कॉम्प्युटर म्हणाला. सूनबाईनं वायर हलवून पाहिली, कागद काढून पुन्हा घातला, चिठ्ठीवरचा नंबर तीनदा नीट बघून भरला. मला असा आनंद झाला म्हणून सांगू! म्हटलं, घे, विचार आता तुझ्या चिठ्ठीला.

एक वाजता सुतार मिस्त्री आले. "ताई, लाकूड कापायचं मशीन मला दोन ते तीनच मिळालंय हो."

"बसा मिस्त्री, देते," ती म्हणाली. जावईबापूंचा फोन बंद. तिनं डोळे पुसले आणि पुन्हा तोच नंबर भरायला घेतला. तेव्हा मात्र माझा आनंद पार ओसरला. प्रिंटर चार हातांवर जागा होता, मी एका हाकेत गाठून दिला असता. पण सांगितल्याशिवाय मला हाक मारता येत नाही.

शेवटी तिनं चिठ्ठी भिंतीवरून उपटली. "मरू दे हा नंबर," म्हणाली आणि पडद्याच्या कोपऱ्यातलं 'शोधा' दाबलं.

दोन वर्षांत पहिल्यांदा! मी जीव तोडून हाक मारली. प्रिंटरनं लगेच ओ दिली. पावणेदोनला मिस्त्री नकाशाची गुंडाळी काखेत मारून धावत सुटले.

दोन दिवसांनी अण्णा काळा चष्मा लावून आले. "राउटर बदलला म्हणे. मग प्रिंटर कुणी लावून दिला?"

"मीच शोधला, अण्णा."

मीच! माझ्या सातही फाइलींचा तिळपापड झाला. पण अण्णांनी खिसा चाचपून किल्ली काढली आणि तिच्या हातावर ठेवली, तेव्हा तिचा चेहरा पाहून माझा राग निवळला. आजवर तिचं काम दुसऱ्याच्या नावावर जात होतं. एकदा माझं तिच्या नावावर गेलं, तर जाऊ दे.

आता भिंतीवर नवी चिठ्ठी आहे, सूनबाईच्या अक्षरातली: 'नंबर भरू नये. शोधा दाबावे.' हुकूम माझ्या कामाचा, पण येणारे-जाणारे बघतात चिठ्ठीकडेच. तिचा हेवा काही माझ्यानं सुटायचा नाही.

तुमच्याही कॉम्प्युटरमध्ये माझं एखादं भावंड असेल. काम झाल्यावर प्रिंटरला खुशाल थोपटा. पण त्याआधी एकदा, मनातल्या मनात का होईना, "आहेस का रे?" एवढं विचारा. जन्मभर मीच हाका मारल्या. एकदा मलाही ओ द्यायची आहे.