कोर्टाची नजरचूक

इंदोरा वस्तीतलं ते तीन खोल्यांचं घर बळीरामनं गिरणीत राबून बांधलं होतं. प्लॉटचे कागद मात्र धाकट्या भावाच्या, आनंदरावच्या नावानं झाले. बळीरामला पाळी सोडून कचेरीत जाता येत नव्हतं आणि भाऊ शिकलेला होता. "नाव कोनाचंही असू दे, राहाचं तं आपल्यालेच हाय," बळीराम म्हणायचा. त्र्याहत्तर साली तो छातीच्या दुखण्यानं गेला, आणि वर्ष उलटायच्या आत आनंदरावनं वहिनीला, इंदूबाईला, घर सोडायला सांगितलं.

इंदूबाईनं घर आपलं असल्याचा दावा लावला. आनंदरावनं दुसऱ्या कोर्टात तिला बाहेर काढण्याचा लावला.

इंदूबाईच्या दाव्यात लहानू मिस्त्रीनं साक्ष दिली. पायापासून छपरापर्यंत काम बळीरामनं करून घेतलं, मजुरीही त्यानंच दिली, असं तो म्हणाला. उलटतपासणीत तो हलला नाही. सासू तुळसाबाईनं मात्र घर धाकट्यानं बांधल्याचं सांगितलं. बाहेर व्हरांड्यात इंदूबाईनं तिला गाठलं.

"आत्याबाई, खोटं काहून बोलल्या?"

"मले आता त्याच्याच घरी मराचं हाय वं," तुळसाबाई खाली पाहत म्हणाली.

निकाल विरुद्ध गेला. तो वाचताना वकील मधुकरराव एका ओळीशी थांबले. बांधकामाचा एकही साक्षीदार वादीनं आणला नाही, असं न्यायाधीशांनी लिहिलं होतं.

"लहानू तं अर्धा दिवस पिंजऱ्यात उभा होता," इंदूबाई म्हणाली.

"उघड चूक आहे, बाई. याच कोर्टाला निकाल पुन्हा तपासायला सांगू."

फेरतपासणीचा अर्ज दाखल झाला. तोवर दुसऱ्या कोर्टातला आनंदरावचा दावा थांबवावा, अशी विनंती मधुकररावांनी केली. तिथले न्यायाधीश म्हणाले, "त्या कोर्टाचा निकाल आज तरी तोच आहे. बदलला तर पाहू." त्यांनी घराचा ताबा आनंदरावला दिला. फेरतपासणीला तारीख पडली ती उन्हाळी सुट्टीनंतरची.

भर मे महिन्यात कोर्टाचा बेलीफ ताबा घ्यायला आला. भांडी, पेटी, गाद्या रस्त्यावर आल्या. पाण्याचा पितळी गुंड उन्हात इतका तापला, की तो उचलताना इंदूबाईचा हात भाजला. शेजारणी दारात उभ्या राहिल्या. कोणी पुढं आलं नाही.

"वयनी, मी तं कायद्यानंच करून राहिलो," आनंदराव म्हणाला.

इंदूबाईनं त्याच्याकडं पाहिलंही नाही. सामान हातगाडीवर घालून तिनं मागच्या गल्लीत एक खोली धरली. आठवड्याभरात आनंदरावनं घर एका लाकूडवाल्याला विकलं. लाकूडवाल्याला फक्त जागा हवी होती. त्यानं भिंती पाडल्या आणि विटाही विकून टाकल्या.

जुलैत फेरतपासणीचा अर्ज निघाला. न्यायाधीश सभ्य गृहस्थ होते. "लहानूची साक्ष माझ्या नजरेतून सुटली. ती चूक या कोर्टाची आहे," असं त्यांनी सगळ्यांसमोर सांगितलं आणि निकाल फिरवला. घर बळीरामचं आणि त्याच्यामागं इंदूबाईचं ठरलं.

मधुकरराव हसत बाहेर आले. "जिंकलात, बाई."

"कोनतं घर, वकीलसाहेब?"

मधुकररावांनी हातातले कागद पिशवीत घातले. मग लाकूडवाल्यावर दावा लावता येईल म्हणाले. आनंदराव अपिलात जाईल, वेळ लागेल. इंदूबाई मान हलवत राहिली. तिला काही ऐकू येत नव्हतं.

ती खोलीवर आली तेव्हा पायरीवर तुळसाबाई गाठोडं घेऊन बसली होती. आनंदराव बायकोमुलांसह बालाघाटला निघून गेला होता. म्हातारीला सोबत नेलं नव्हतं.

इंदूबाईनं तिला आत घेतलं. भात टाकला, वरण केलं, ताट पुढं सरकवलं. स्वतः ती भिंतीकडं तोंड करून जेवली.

"इंदू," तुळसाबाई हळू म्हणाली, "म्या कोर्टात येऊन खरं सांगतो. बळीरामनंच बांधलं."

"जेवा आत्याबाई," इंदूबाई म्हणाली. "आता कोनी विचारून नाही राहिलं."