हनुमंतभाऊंचा नट

"भाऊ, तितं नका बसू. मला दिसत न्हाई तुमी," पाण्याच्या कडेवरून सोपान म्हणाला.

हनुमंतभाऊंनी खुर्ची उचलली आणि थेट कॅमेऱ्याशेजारी आणून ठेवली. कुणी हरकत घेतली नाही. घेणार कशी? भाऊ संवाद सांगायला असतील तरच काम करीन, अशी सोपानने अटच घातली होती. तिकोणा पेठेच्या जत्रेतलं नाटक भाऊच बसवायचे, आणि प्रयोगाला विंगेत उभं राहून एकेकाला त्याचं वाक्यही पुरवायचे. त्यामुळे गावातल्या कुठल्याच नटाने आजवर पाठांतराचा त्रास घेतलेला नव्हता. अडलं की विंगेकडे बघायचं, भाऊ आहेतच.

आता पवना धरणाच्या काठी इंग्लंडच्या टीव्ही मालिकेचं शूटिंग चाललं होतं. दिग्दर्शक हेलनबाई भाऊंच्याच वयाची, पिकल्या केसांची, गुडघा धरून चालणारी. जत्रेत सोपानचं काम बघून तिने त्यालाच उचललं होतं. नाटक कुणी बसवलं, हे मात्र विचारलं नव्हतं.

"किती वर्षं करत्यात ह्या हे काम?" भाऊंनी सविताला विचारलं. सोमाटण्याची ही मुलगी दुभाषी म्हणून कामाला होती.

"चाळीसेक तरी. आधी स्टुडिओत चहा द्यायच्या म्हणे. बायकांना तेव्हा कॅमेऱ्याजवळ कोण उभं करतंय? मग मुलांचे कार्यक्रम, मग पोलिसांची मालिका, मग हॉस्पिटलची. ती तर वर्षानुवर्षं चालली. बक्षिसंही खूप मिळाली. आता ही शेवटची म्हणतात."

भाऊ हं म्हणाले, पण आतून नुसते जळत होते. चहा काय, तालमीला चहा आपणही केला होता, सतरंज्याही घातल्या होत्या. हिला पुढे कॅमेरे मिळाले, माणसं मिळाली, बक्षिसं मिळाली. आपल्याला ग्रामपंचायतीचा ओटा मिळाला, तोही कीर्तन नसेल तेव्हा. एवढ्या वर्षांत नाव घेण्याजोगा एक नट घडवला, तर तोही ही बाई आयता घेऊन चालली. चार दिवसांत सोपान "मॅडम म्हनत्यात" असं बोलायला लागला होता. भाऊंना ते फार लागलं होतं.

प्रसंग साधा होता. धरणात गाव गेलेला म्हातारा पाण्याकडे बघून आपलं घर कुठे होतं ते सांगतो. तालमीत भाऊंनी हळू आवाजात वाक्य द्यायचं आणि सोपानने ते खणखणीत म्हणायचं, असं झकास जमलं. भाऊंचा आवाज मागाहून काढून टाकू, असं सविताने सांगितलं. हेलनबाईने हात वर केला. कॅमेरा सुरू झाला.

"हितं आमचं घर हुतं," सोपान म्हणाला. मग अडला आणि त्याने भाऊंकडे पाहिलं.

पुढचं वाक्य भाऊंच्या जिभेवर होतं. त्यांनी ओठ मिटून घेतले. पडू दे तोंडघशी. कळू दे बाईला, हा नट कुणाच्या जिवावर उभा आहे ते.

सोपान थांबला. पुन्हा बघितलं. भाऊ दगडासारखे बसून राहिले. तशी त्याची नजर हळूहळू पाण्याकडे वळली. त्याचं आजोळ खरोखरच त्या पाण्याखाली होतं. तो बराच वेळ तसाच उभा राहिला. मग हाताने त्याने पाण्यात कुठेतरी दाखवलं आणि हात तसाच राहिला.

"आजी दळीत हुती," तो शेवटी म्हणाला. "जातं न्यायचं राह्यलं."

कागदावर असलं काही नव्हतं. भाऊंच्या अंगावर काटा आला. त्यांच्या नाटकात सोपान इतका वेळ गप्प कधी राहिलाच नव्हता. त्यांनी राहूच दिलं नव्हतं. श्वास घ्यायला थांबला तरी विंगेतून पुढचं वाक्य जायचं.

कट झालं. हेलनबाईने डोळे पुसले, सोपानचा खांदा धरला आणि सविताला काहीतरी विचारलं.

"मॅडम विचारतायत, असं थांबायला कुणी शिकवलं?"

"कुनी म्हंजे? भाऊंनी," सोपान म्हणाला. "आज मुद्दाम गप बसले बगा. मला वाटलं, चुकलं काय माजं? मंग ध्यानात आलं, भाऊंना असंच पायजे."

त्याच्या चेहऱ्यावर लबाडीचा लवलेश नव्हता. हेलनबाई गुडघा सांभाळत भाऊंपर्यंत चालत आली. तिने दोन्ही हातांनी त्यांचा हात धरला आणि पुष्कळ काही बोलली.

"त्या म्हणतात, एवढा धीर असलेला दिग्दर्शक त्यांनी फार कमी बघितलाय," सविता म्हणाली.

हनुमंतभाऊ उभे राहिले. तोंड उघडलं, पण शब्द फुटेना. बाई वाट बघत होती. सोपान पुढे झाला आणि त्यांच्या कानाशी हळूच म्हणाला,

"भाऊ, थँक्यू म्हना."

"थँक्यू," भाऊ म्हणाले.